काता टिकेल, पण तालीम? ओकिनावाच्या गोजू-ऱ्यूची गोष्ट

हे आपल्या या भागाचं लिखित रूप. ज्यांना ऐकायला वेळ मिळाला नाही त्यांच्यासाठी, आणि ज्यांनी ऐकलं पण जपानी नावं कानावरून गेली त्यांच्यासाठीही. बोलण्यातलं बोलणं तसंच ठेवलंय, फक्त थोडं आवरून सावरून घेतलंय.

सुरुवात एका अलीकडच्या प्रसंगाने करू. ६ ऑगस्ट २०२१. टोकियोचं निप्पॉन बुदोकान. कराटे पहिल्यांदाच ऑलिम्पिकमध्ये आलेलं, आणि पुरुषांच्या ‘काता’ प्रकारात अंतिम फेरी चाललेली. काता म्हणजे ठरलेल्या क्रमाने, एकट्याने करायच्या हालचालींची मालिका. र्यो कियुना नावाचा खेळाडू मॅटवर येतो, तीन-चार मिनिटं काता करतो आणि सुवर्णपदक घेऊन जातो. कियुना ओकिनावाचा. ओकिनावा म्हणजे जिथे कराटे जन्मलं ते बेट, आणि तिथल्या खेळाडूचं हे पहिलं ऑलिम्पिक सुवर्ण. त्या दिवशी ओकिनावात काय वातावरण असेल, कल्पना करा.

आता प्रश्न असा की, आज त्या काताचा व्हिडिओ कुणीही बघू शकतं. हळू करून, थांबवून, पुढेमागे करून. ओकिनावाच्या जवळपास प्रत्येक जुन्या शैलीचे सगळे काता असे चित्रित झालेत, त्यांवर पुस्तकं आहेत. मग जुन्या शैली जपायला हव्यात, त्या हरवतील, अशी काळजी तिथले लोक का करतात? हरवण्यासारखं उरलंय तरी काय?

याचं उत्तर आपल्या मराठीत एका शब्दात आहे, आणि तो शब्द म्हणजे ‘तालीम’. पैलवान घुमतो ती जागाही तालीम, गवयाला गुरूकडून मिळते तीही तालीम आणि नाटकाच्याही तालमीच होतात. बंदिशीचं नोटेशन लिहिता येतं, पण नोटेशन वाचून कुणी घराण्याचा गवई होत नाही. तो होतो तालमीने. कराटेतही तसंच आहे. काता ही बंदिश. ती टिकलीय. धोक्यात आहे ती तालीम. आज आपण हे एका शैलीच्या आधारे समजून घेऊ. शैलीचं नाव गोजू-ऱ्यू.

आधी थोडा इतिहास

ओकिनावा आज जपानचा भाग आहे, पण १८७९ पर्यंत तिथे ऱ्यूक्यू नावाचं वेगळं राज्य होतं. या राज्याचे चीनशी जुने व्यापारी आणि राजनैतिक संबंध. नकाशा काढून बघा, ओकिनावाचं मुख्य शहर नाहा हे टोकियोपेक्षा चीनच्या फूचौ शहराला कितीतरी जवळ आहे. फूचौमध्ये ऱ्यूक्यूच्या लोकांसाठी खास वसतिस्थान होतं. माल जायचा-यायचा, माणसं जायची-यायची, आणि माणसांबरोबर विद्याही.

कान्र्यो हिगाओन्ना (१८५३–१९१५) हा नाहाचा माणूस तरुणपणी फूचौला गेला आणि तिथे एका चिनी गुरूकडे शिकला. ओकिनावात त्या गुरूचं नाव ‘र्यू र्यू को’ असं सांगतात. तो नेमका कोण, यावर अभ्यासकांमध्ये आजही वाद आहेत. हिगाओन्ना परत आला आणि नाहात शिकवायला लागला. त्याच्याकडे १९०२ च्या सुमारास चौदा वर्षांचा एक मुलगा दाखल झाला. चांगल्या खात्यापित्या व्यापारी घरातला. त्याचं नाव चोजुन मियागी (१८८८–१९५३). पुढे या मियागींनीच शैलीला ‘गोजू-ऱ्यू’ हे नाव दिलं. ‘गो’ म्हणजे कठीण, ‘जू’ म्हणजे मऊ. हे शब्द ‘बुबिशी’ नावाच्या जुन्या चिनी हस्तलिखितातल्या एका वचनावरून घेतलेले आहेत.

शैलीचं चिनी मूळ काताच्या नावांतही दिसतं. सान्सेरू म्हणजे ३६, सेइसान म्हणजे १३, सेपाई म्हणजे १८ आणि सर्वांत मोठा सुपारिन्पेई म्हणजे चक्क १०८. जपमाळेचे मणी आठवले ना? हे सगळे आकडे फूच्येन प्रांताच्या बोलीच्या वळणाचे. एकूण काता साधारण बारा. बस्स, एवढंच. मग इतकी वर्षं शिकायचं काय?

अंगणातली हत्यारं

जुन्या डोजोचं चित्र डोळ्यांसमोर आणा. डोजो म्हणजे सरावाची जागा. बहुतेक वेळा ती गुरूच्या घराचा एखादा भाग किंवा अंगणच. आणि त्या अंगणात काही विचित्र वस्तू पडलेल्या. त्यांच्यावर करायच्या सरावाला म्हणतात ‘होजो उंदो’, म्हणजे पूरक व्यायाम. एकेक बघू.

पहिली ची-इशी. लाकडी दांडा आणि त्याच्या एका टोकाला दगड किंवा सिमेंटचा गोळा. आपली गदा आठवेल, पण हिचा दांडा आखूड. वजन दोन-चार किलो म्हटलं तर हसाल. पण दांड्याचं दुसरं टोक धरून, मनगट सरळ ठेवून, ती सावकाश उभी करून बघा. सगळं वजन लांबच्या टोकाला असल्यामुळे मनगट, पंजा आणि खांदा यांची परीक्षा होते. आणि ज्या वळणाने ती फिरवायची ते वळण कातातल्या अडवण्याच्या, पकडण्याच्या हालचालींचंच आहे.

दुसरी वस्तू, निगिरी-गामे. मातीची बरणी. तिचा काठ फक्त बोटांनी वरून पकडायचा, दोन हातांत दोन बरण्या, आणि अर्धवर्तुळाकार पावलं टाकत चालायचं. सवय झाली की बरणीत थोडी वाळू घालायची. मग आणखी थोडी. दिसायला हा बोटांच्या पकडीचा व्यायाम आहे. पण पंधरा-वीस पावलं चाललं की कळतं, खांदे कानाकडे वर चढायला लागतात. ते खाली ठेवायचे, काखेच्या आजूबाजूचे स्नायू घट्ट करायचे आणि पाय मात्र मोकळे ठेवायचे. हे तोंडी सांगून कळत नाही. बरणी हातात आली की कळतं.

तिसरा मकिवारा. हा तुम्ही सिनेमात पाहिला असेल. जमिनीत रोवलेली फळी, वर निमुळती होत गेलेली, आणि मारायच्या जागी भाताच्या काडाचा दोर गुंडाळलेला. लोकांना वाटतं, हे मुठीची हाडं टणक करायला आहे. ते दुय्यम. फळी वाकते आणि परत ढकलते. जितकी जास्त दाबाल तितका तिचा विरोध वाढतो. मनगट जरा वाकडं असेल, मागची टाच उचलली असेल, कंबर मागे राहिली असेल, तर फळी तुम्हालाच मागे लोटते. म्हणजे गुरू समोर नसतानाही चूक दाखवणारी ही वस्तू आहे. हवेत हजार ठोसे मारले तरी ही चूक दिसत नाही.

याशिवाय इशी-साशी, म्हणजे जुन्या कुलपाच्या आकाराचा, वर मूठ असलेला दगड. बोटं खुपसायची वाळूची पेटी. मनगटाने दोरी गुंडाळत वजन वर घ्यायचं साधन. आणि कोंगोकेन, म्हणजे पुरुषभर उंचीचं, लांबट गोल, जड लोखंडी कडं. दोन्ही हातांनी धरून ते अंगावरून फिरवायचं, जणू समोरच्या माणसाशी झोंबताय.

ही कोंगोकेनची गोष्ट जरा लक्षात ठेवा. ती ना चीनमधून आली, ना ओकिनावातली. मियागी १९३४ मध्ये हवाईला शिकवायला गेले होते. तिथले कुस्तीगीर असं काहीतरी वापरतात हे त्यांनी पाहिलं, आवडलं, आणि परत येऊन स्वतःच्या सरावात घेतलं. आज ते ‘प्राचीन ओकिनावी साधन’ म्हणून दाखवलं जातं! त्याकडे आपण परत येऊ.

सान्चिन: हात लावून शिकवायची गोष्ट

गोजू-ऱ्यूच्या मुळाशी एक काता आहे, सान्चिन. अर्थ ‘तीन लढाया’. बघायला गेलात तर कंटाळा येईल. तीन पावलं पुढे, वळणं, हळू ठोसे, आणि श्वास. श्वास नाकाने आत, तोंडाने बाहेर. उडी नाही, लाथ नाही. परंपरेत असं सांगतात की हिगाओन्ना नव्या शिष्याकडून वर्षानुवर्षं फक्त हेच करून घेत.

का? कारण सान्चिनमध्ये शिकायचं असतं ते बाहेरून जवळजवळ दिसतच नाही. पायाची बोटं जमीन कशी धरतात, गुडघे किती आत, ओटीपोट कसं आवळलेलं, पाठ कशी ताठ, खांदे कसे खाली, आणि या सगळ्यात श्वास कसा चालू. मग गुरूला तरी कळणार कसं? यासाठी ‘शिमे’ असते. शिष्य सान्चिन करत असताना गुरू त्याच्याभोवती फिरतो आणि हाताने तपासतो. खांद्यांवर तळहाताने थाप, बरगड्यांच्या बाजूला दाब, मांडीवर थाप, पुढे आलेली मूठ मागे ढकलून बघायची. जिथे ढिलं आहे तिथे शिष्याला त्या स्पर्शानेच कळतं.

म्हणूनच सान्चिनचा व्हिडिओ कितीही चांगला असला तरी त्यात सान्चिन जवळजवळ नसतं. कुंभार मडकं घडवताना आतून एक हात लावतो आणि बाहेरून थापटतो, तसं हे आहे. थाप किती जोरात, कुणाला कधी, हे गुरूच्या हातात असतं, आणि गुरूच्या हातात ते त्याच्या गुरूच्या हातातून येतं. साखळीतला एक दुवा तुटला की पुस्तकातून तो जोडता येत नाही.

अशीच दुसरी गोष्ट ‘काकिए’. दोघं समोरासमोर, मनगटाला मनगट टेकवून, एक ढकलतो, दुसरा ते पचवतो आणि परत ढकलतो. वेग नाही. समोरच्याचा जोर कधी वाढला, कधी दिशा बदलली हे डोळ्यांनी बघायचं नाही, कातडीने ओळखायचं. इथे ‘जू’, म्हणजे मऊपणा, खरा कळतो. आणि काकिए केलं की कातातल्या अनेक न समजणाऱ्या हालचालींचा अर्थ लागतो, कारण ते काता जवळून, पकडीच्या अंतरावरून लढण्यासाठी आहेत. लांब उभं राहून झटकन ठोसा मारून मागे सरकायच्या स्पर्धेसाठी नाहीत.

मग ‘परंपरा’ म्हणून आपण काय बघतो?

आता एक गंमत. कराटे म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर येतं काय? सोसायटीचा हॉल किंवा शाळेचं मैदान, पांढरे कपडे घातलेली मुलं रांगांमध्ये, सर मोठ्याने ‘इचि, नि, सान’ मोजताहेत, सगळे एकदम ठोसा मारताहेत. कमरेला पिवळे, हिरवे, तपकिरी पट्टे. अगदी पारंपरिक दृश्य, हो ना?

यातलं जवळपास सगळं विसाव्या शतकातलं आहे. १९०१ मध्ये आन्को इतोसू या ओकिनावी गुरूंनी शुरीच्या एका प्राथमिक शाळेत कराटे आणलं. १९०८ मध्ये त्यांनी शिक्षण खात्याला उद्देशून दहा कलमी पत्र लिहिलं आणि ते शाळांमध्ये का शिकवावं हे सांगितलं. शाळा म्हटली की एक शिक्षक आणि पन्नास मुलं. मग रांगा आल्या, मोजणं आलं, कवायत आली. शाळकरी मुलांसाठी इतोसूंनी पिनान नावाचे सोपे काता बसवले. पांढरा पोशाख आणि पट्टे तर ज्युडोतून आले. जपानच्या मुख्य भूमीवर कराटे रुजवणारे गिचिन फुनाकोशी यांनी पहिल्या दान, म्हणजे काळ्या पट्ट्याच्या पदव्या दिल्या त्या १९२४ मध्ये. ‘रिकामा हात’ हा आजचा अर्थही तसा नवाच. आधी कराटे ज्या अक्षरांत लिहीत त्यांचा अर्थ ‘चिनी हात’ असा होता. २५ ऑक्टोबर १९३६ रोजी नाहात जाणत्या गुरूंची बैठक झाली, मियागीही होते, आणि ‘रिकामा हात’ हे लेखन वापरायचं ठरलं.

म्हणजे बघा, रांगेतली कवायत नवी, आणि ते अंगणातले दगड-बरण्या, जे आज एखाद्या जिमसारखे दिसतात, ते जुने. जुन्या डोजोत पाच-सहा जण असले तरी प्रत्येक जण वेगळं काहीतरी करत असे. एक ची-इशी फिरवतोय, एक मकिवारावर, एकाला गुरू सान्चिन तपासतोय. ओकिनावातल्या गल्लीबोळांतल्या छोट्या डोजोंत आजही हे असं दिसतं. पुष्कळदा गुरू दिवसा दुसरी नोकरी करणारा, संध्याकाळी शिकवणारा.

रांगेत हे जमत नाही. पन्नास जणांची शिमे कोण करणार? पन्नास बरण्या कुठे ठेवणार? म्हणून समूहाने शिकवणं सुरू झालं तेव्हा जे रांगेत बसतं ते टिकलं, म्हणजे काता आणि हवेतले ठोसे. जे बसत नाही ते गळालं. कुणी मुद्दाम टाकलं नाही. जागा नव्हती म्हणून गेलं.

मग परीक्षा आल्या. एका पट्ट्याला एक काता. मूल चार-पाच वर्षांत आठ-दहा काता ‘पूर्ण’ करतं. स्पर्धा आल्या. टोकियो ऑलिम्पिकमध्ये कातासाठी तंत्राला सत्तर टक्के आणि वेग, ताकद, तोल यांना तीस टक्के भार होता. पंचांना जे लांबून दिसतं त्यालाच गुण मिळणार, हे ओघानेच आलं. ओटीपोटाचं आवळणं लांबून दिसत नाही, पण डौलदार थांबा आणि पोशाखाचा फटकारा दिसतो आणि ऐकूही येतो. यात खेळाडूंचा दोष नाही. त्यांची मेहनत अफाट असते. पण पदक एका गोष्टीचं, आणि तालीम दुसऱ्या गोष्टीची, असं होऊ शकतं. आणि २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये कराटे नव्हतंच. म्हणजे ज्याच्या भरवशावर बसावं तो आधारही कायमचा नाही.

१९४५: साखळी तुटता तुटता

शांततेच्या काळातली गळती अशी हळूहळू होते. ओकिनावावर मात्र एकदम घाला आला.

१० ऑक्टोबर १९४४ रोजी अमेरिकन विमानांनी नाहावर बॉम्ब टाकले आणि शहराचा बहुतांश भाग जळून गेला. १९४५ च्या एप्रिलपासून जूनपर्यंत बेटावर लढाई चालली. सुमारे एक लाख नागरिक मेले. बेटावर असं घर उरलं नसेल ज्याने कुणाला गमावलं नाही. मियागींनी स्वतःची तीन मुलं गमावली. आणि ज्यांच्याकडे शैलीची धुरा जाईल असं सगळे धरून चालले होते ते त्यांचे शिष्य जिन्आन शिन्झातो, तेही युद्धात गेले.

इथे थोडं थांबून विचार करा. आपण मघाशी म्हणालो, ही विद्या हातातून हातात जाते. इथे हातच गेले. घरं जळली, त्यांच्याबरोबर लिहिलेलं, जमवलेलं गेलं. मियागींच्या वाट्याला आणखी आठ वर्षं आली. त्यांनी पोलिसांना शिकवलं, आणि नाहातल्या त्सुबोया भागात घराच्या अंगणात पुन्हा काही तरुणांना घेतलं. त्सुबोया हा कुंभारांचा मोहल्ला. १९५३ मध्ये ते वारले. वारस म्हणून कुणाचं नाव सर्वमान्य होईल असं जाहीर केलेलं नव्हतं.

मग शिष्य उभे राहिले. एइइची मियाझातो यांनी जुन्दोकान हा डोजो काढला, मेइतोकू यागी यांनी मेइबुकान, सेइकिची तोगुची यांनी शोरेइकान. सेको हिगा तर आधीपासूनच शिकवत होते, ते हिगाओन्नांनाही भेटलेले. या सगळ्यांचं गोजू-ऱ्यू एकच, पण बारीकसारीक फरक आहेत. एखाद्या कातात पाऊल वेगळं, एखाद्याचा हात वेगळा, सान्चिनचा श्वास कुठे लांब, कुठे आखूड. बाहेरची मंडळी विचारतात, खरं कुणाचं?

हा प्रश्न जरा चुकीच्या जागी बोट ठेवतो. सांगतात की मियागी सर्वांना सान्चिन देत, आणि पुढचे काता मात्र शिष्याचं शरीर आणि स्वभाव बघून देत. शिवाय ते स्वतः चाळीसएक वर्षं शिकत, बदलत होते. १९२५ च्या आसपास भेटलेला शिष्य आणि १९५० मध्ये भेटलेला शिष्य यांना सारखंच मिळालं असेल कसं? एकाच ताटातले घास वेगवेगळ्या मुलांना मिळावेत तसं झालं. म्हणून शैली जपायची तर एक ‘शुद्ध’ शाखा निवडून बाकीच्या खोडून चालणार नाही. या शाखांनी एकमेकांकडे जाऊन बघत राहणं, हीच त्यातल्या त्यात खात्रीची वाट.

जपायचं म्हणजे गोठवायचं का?

आता कोंगोकेनकडे परत येऊ. मियागी हवाईहून लोखंडी कडं घेऊन आले. ‘तेन्शो’ नावाचा मऊ हातांचा काता त्यांनी स्वतः बसवला. १९४० मध्ये नवशिक्यांसाठी ‘गेकिसाई’ हा सोपा काता रचला, कारण सान्चिनसाठी वर्षानुवर्षं थांबायला शाळकरी मुलं तयार नसतात हे त्यांना कळत होतं. सराव सुरू करण्याआधीचे शरीर तापवण्याचे व्यायाम, पायाच्या बोटांपासून वरपर्यंत, तेही त्यांनी नीट क्रमाने लावले. म्हणजे परंपरेचा सर्वांत मोठा रखवालदार स्वतः सतत बदल करत होता.

मग त्याने केलेला बदल आणि जागा नाही म्हणून झालेला बदल, यात फरक काय? मला वाटतं, फरक कारणाचा आहे. कोंगोकेन घेताना मियागींना माहीत होतं की जवळून झोंबायची ताकद कशासाठी लागते. प्रत्येक साधन कशासाठी आहे हे ज्याला ठाऊक आहे, तो ते बदलू शकतो. ज्याला ठाऊक नाही, त्याने बदललं तरी नुकसान आणि न बदलता नुसतं जपलं तरी नुकसान.

हे दुसरं नुकसान जरा उघड करून सांगतो, कारण ‘परंपरा’ म्हटलं की आपण त्याबद्दल बोलत नाही. शिमे ही तपासणी आहे. पण कारण विसरलं की ती मारहाण होते. प्रात्यक्षिकांमध्ये शिष्याच्या पाठीवर धाडधाड फटके आणि अंगावर लाकडं मोडणं बघून लोक टाळ्या वाजवतात. त्यातून शिष्याच्या ठेवणीबद्दल काय कळलं? काहीच नाही. सान्चिनमध्ये श्वास कोंडून जोर लावला तर रक्तदाब झपकन वर जातो. पन्नाशीच्या माणसाने हे ‘जुनं आहे’ म्हणून करणं शहाणपणाचं नाही. श्वास चालू ठेवायचा, हाच तर सान्चिनचा धडा. आणि वाढत्या वयाच्या मुलांना मकिवारावर मुठी फोडून घ्यायला लावणं, यात कुठलीच परंपरा जपली जात नाही. मकिवारा मुळात ठेवण दुरुस्त करायला आहे, आणि ते काम हलक्या हातानेही होतं.

ओकिनावात काय चाललंय? तिथल्या सरकारने १९९७ मध्ये कराटे आणि शस्त्रांची जुनी विद्या यांना अमूर्त सांस्कृतिक वारसा म्हणून मान्यता दिली. १९३६ च्या त्या बैठकीची आठवण म्हणून २००५ मध्ये २५ ऑक्टोबर हा ‘कराटे दिन’ ठरवला. २०१६ मध्ये कराटे दिनाच्या निमित्ताने नाहाच्या मुख्य रस्त्यावर जवळपास चार हजार लोकांनी एकत्र काता केला. २०१७ मध्ये नाहाच्या शेजारी तोमिगुसुकू इथे ‘ओकिनावा कराटे काइकान’ हे मोठं केंद्र उभं राहिलं. त्यात संग्रहालय आहे, सरावाची दालनं आहेत. हे सगळं मोलाचं आहे. पण संग्रहालयाच्या काचेमागची ची-इशी कुणाचं मनगट घडवत नाही. ते काम अजूनही गल्लीतले छोटे डोजोच करतात, आणि तिथे शिकायला जगभरातून लोक येतात. परदेशी माणूस येतो, आठवडाभर राहतो, आणि पहिल्या दिवशी त्याला कळतं की आपल्याला बारा काता येतात आणि बरणी धरून चालता येत नाही.

आपल्यासाठी यात काय?

तुमची मुलगी किंवा मुलगा कराटेला जात असेल, किंवा तुम्ही स्वतः करत असाल, तर तीन प्रश्न विचारून बघा. पहिला: या काताची ही हालचाल कशासाठी, हे सर कधी दुसऱ्या माणसावर करून दाखवतात का? दुसरा: ठेवण बघायला सर हात लावून, दाब देऊन तपासतात का, की फक्त लांबून ‘गुडघा वाकवा’ म्हणतात? तिसरा: पुढचा पट्टा मिळाल्यावर मागचा काता परत कधी होतो का?

यासाठी ओकिनावाला जायला नको, महागडी साधनंही नकोत. ची-इशी घरी करता येते. एक दांडा, पत्र्याचा डबा, थोडं सिमेंट. दांड्याच्या टोकाला दोन खिळे आडवे ठोका म्हणजे गोळा निसटणार नाही. तिथल्या लोकांनीही ती अशीच केली आहे, दुकानातून आणलेली नाही. मात्र ती फिरवायची कशी हे कुणीतरी जाणत्याने मनगट धरून दाखवायला हवं. एकदा तरी.

कारण शेवटी मुद्दा तोच आहे. १९४५ नंतर मियागींच्या अंगणात उभ्या राहिलेल्या त्या तरुणांकडे व्हिडिओ नव्हता, पुस्तकं जळालेली होती, पोटालाही पुरेसं नव्हतं. एक म्हातारा माणूस मागून येऊन खांद्यावर हात ठेवत होता. तेवढ्यावर ही शैली आज आपल्यापर्यंत आली.

चला, इथेच थांबू. तुमच्या क्लासमध्ये अशी काही जुनी साधनं असतील, किंवा कुणी तुम्हाला हात धरून काही शिकवलं असेल, मग ते कराटे असो, लाठी असो की तबला, तर जरूर लिहून कळवा. भेटू पुढच्या भागात. तोपर्यंत खांदे खाली, पाठ ताठ, आणि श्वास चालू ठेवा!